आमदारांच्या मताला दुसरी पसंती, आपल्याला एकच बटण

२०२४ च्या महाराष्ट्र विधानसभा निवडणुकीत काँग्रेसला राज्यभरात सुमारे १२.४ टक्के मतं पडली. एकनाथ शिंदे यांच्या शिवसेनेलाही साधारण तेवढीच. काँग्रेसचे आमदार आले १६ आणि शिवसेनेचे ५७. दोन राष्ट्रवादींचं तर उलटंच झालं. शरद पवारांच्या पक्षाला ११ टक्क्यांहून जास्त मतं आणि जागा १०. अजित पवारांच्या पक्षाला ९ टक्के मतं आणि जागा ४१.

असे आकडे दिसले की काही जण लगेच ईव्हीएमकडे बोट दाखवतात. पण मतं आणि जागा यांच्यातली एवढी तफावत आपल्या निवडणूक पद्धतीतूनच येऊ शकते. आपल्याकडे प्रत्येक मतदारसंघात ज्याला सर्वांत जास्त मतं, तो आमदार. बाकीच्यांना पडलेली मतं तिथेच संपतात. एखाद्या पक्षाची मतं राज्यभर पातळ पसरलेली असतील तर तो शंभर ठिकाणी दुसरा येतो आणि हाती काही लागत नाही. (काँग्रेसने शिवसेनेपेक्षा जास्त जागा लढवल्या होत्या आणि युती-आघाडीत मतं एकमेकांकडे जातात, त्यामुळे ही तुलना ढोबळच समजायची.) २०१९ च्या लोकसभेला वंचित बहुजन आघाडीला राज्यात जवळपास ७ टक्के मतं पडली आणि तिचा स्वतःचा एकही खासदार झाला नाही. मतांच्या हिशेबाने ४८ पैकी ३ जागा होत होत्या. त्या ७ टक्के मतदारांबद्दल नंतर पाच वर्षं एवढंच बोललं गेलं की त्यांनी दुसऱ्यांची मतं खाल्ली.

मतं जेवढी, जागा साधारण तेवढ्या, असा निकाल लागावा म्हणून ज्या पद्धती निघाल्या त्यांना मिळून प्रमाणशीर प्रतिनिधित्व म्हणतात. जगातल्या निम्म्याच्या आसपास लोकशाही देशांत तिचा कुठला ना कुठला प्रकार चालतो. ती फक्त परदेशातली आहे असंही नाही. आपले आमदार राज्यसभेसाठी याच पद्धतीने मतदान करतात. महापालिकेत नगरसेवक स्थायी समितीच्या जागा याच तत्त्वाने वाटून घेतात. तिथे त्याला तौलनिक संख्याबळ म्हणतात आणि अर्धी जागा जास्त पदरात पडावी म्हणून दोन-चार अपक्षांना धरून विभागीय आयुक्तांकडे गट नोंदवण्याची धावपळ होते. निवडून आलेल्यांना आपापसांत वाटणी करायची असते तेव्हा ती प्रमाणशीर हवी असते. त्यांना निवडून देणाऱ्यांच्या वाट्याला मात्र ती आलेली नाही.

पद्धत समजून घ्यायची मुख्य अट एकच: एका मतदारसंघातून एकापेक्षा जास्त लोक निवडून यायला हवेत. एकच जागा असेल तर तिची वाटणी होत नाही.

चार जागांचा एक प्रभाग घेऊ. चाळीस हजार मतं पडली. पहिल्या पक्षाला २०,०००, दुसऱ्याला ११,०००, तिसऱ्याला ६,००० आणि चौथ्याला ३,०००. आपल्याकडच्या प्रभाग पद्धतीत अ, ब, क, ड अशा चार जागांचं मतदान वेगवेगळं होतं. मतदार चार वेळा बटण दाबतो. लोकांनी पक्ष पाहून मतं दिली तर पहिला पक्ष चारही जागा घेऊन जातो. निम्म्या मतांत पूर्ण पॅनल.

प्रमाणशीर यादी पद्धतीत मतदार पक्षाला एकच मत देतो आणि मग भागाकार होतो. प्रत्येक पक्षाच्या मतांना १, २, ३ असं भागत जायचं आणि येणाऱ्या सगळ्या संख्यांमधून सर्वांत मोठ्या चार निवडायच्या. पहिल्या पक्षाच्या होतात २०,०००, १०,००० आणि ६,६६७, दुसऱ्याच्या ११,००० आणि ५,५००, तिसऱ्याची ६,०००. वरच्या चारांत पहिल्या पक्षाच्या तीन संख्या आहेत, दुसऱ्याची एक. निकाल ३-१. हे दोन्तचं सूत्र. बेल्जियमच्या या गणितज्ञाचं सूत्र बऱ्याच देशांत वापरतात. आता १, २, ३ ऐवजी १, ३, ५ ने भागा. पहिल्याच्या २०,०००, ६,६६७ आणि ४,०००, दुसऱ्याच्या ११,००० आणि ३,६६७, तिसऱ्याची ६,०००. निकाल २-१-१. हे सेंत-लाग्यूचं सूत्र, जर्मनी आणि न्यूझीलंडमध्ये चालतं. मतं तीच, दोन्ही पद्धती ‘प्रमाणशीर’, तरी एका सूत्राने मोठ्या पक्षाला एक जागा जास्त मिळाली आणि दुसऱ्याने तिसऱ्या पक्षाला सभागृहात आणलं. त्यामुळे कुणी नुसतं ‘प्रमाणशीर पद्धत आणा’ म्हणालं तर आधी विचारावं, भागणार कशाने आणि एका मतदारसंघात जागा किती. जागा जितक्या जास्त, निकाल तितका मतांच्या जवळ.

पक्षाला दोन जागा मिळाल्या, पण माणसं कोणती? ते पक्षाने आधी दिलेल्या यादीवर ठरतं. यादी बंद असेल तर क्रम पक्ष ठरवतो आणि वरचे दोघे निवडून आले. यादी खुली असेल तर मतदार यादीतल्या नावाला पसंती देऊन क्रम बदलू शकतो. श्रीलंकेत मतदार पक्षाला मत देतो आणि वर तीन उमेदवारांना पसंतीची मतं देतो. तिथे मग एकाच पक्षाचे उमेदवार एकमेकांचे हाडवैरी होतात. बंद यादीत ही भानगड नाही, पण यादीत पहिला नंबर लागला की लोकांकडे फिरकायची गरज उरत नाही; पक्षाध्यक्षाची मर्जी सांभाळली की झालं. आपल्याकडे तिकीटवाटप जसं होतं ते पाहता, बंद यादीत वरचे पाच नंबर कुणाच्या मुलाला, सुनेला आणि ठेकेदाराला जातील हे सांगायला ज्योतिषी नको.

तरी बंद यादीचा एक फायदा आहे आणि तो शेजारीच दिसतो. नेपाळच्या प्रतिनिधी सभेत २७५ जागा. त्यातल्या १६५ आपल्यासारख्या थेट आणि ११० यादीतून. संसदेत किमान एक तृतीयांश महिला हव्यात असं तिथल्या संविधानात आहे. थेट लढतीत पक्ष महिलांना फारशी तिकिटं देत नाहीत, मग ती भरपाई यादीतून करावी लागते. दलित, जनजाती, मधेशी, थारू यांचा वाटाही यादीतच ठरतो. मतदारसंघ राखीव न ठेवता प्रतिनिधित्व देण्याचा हा मार्ग आहे. आपल्याकडे सोडतीत वॉर्ड राखीव झाला की पाच वर्षं काम केलेल्या नगरसेवकाला दुसरीकडे जागा शोधावी लागते, ते यात टळतं.

तिसरा प्रकार मिश्र. मतदार दोन मतं देतो, एक आपल्या मतदारसंघातल्या उमेदवाराला आणि एक पक्षाला. एकूण जागा पक्षाच्या मतांवर ठरतात. मतदारसंघांत कमी पडलेल्या जागा यादीतून भरून देतात. जर्मनीने हे सुरू केलं, पण माझ्या मते शिकण्यासारखं उदाहरण न्यूझीलंडचं आहे, कारण तो देश आपल्याच पद्धतीतून तिकडे गेला. १९७८ आणि १९८१, लागोपाठ दोन निवडणुकांत लेबर पक्षाला मतं जास्त पडली आणि सरकार नॅशनल पक्षाचं आलं. १९८१ मध्ये सोशल क्रेडिट या तिसऱ्या पक्षाला २० टक्क्यांहून जास्त मतं पडूनही ९२ पैकी २ जागा मिळाल्या. लोक चिडले. आयोग बसला, त्याने १९८६ मध्ये मिश्र पद्धत सुचवली आणि १९९३ च्या सार्वमतात ती मंजूर झाली. १९९६ च्या पहिल्याच निवडणुकीनंतर सरकार बनायला जवळपास दोन महिने लागले, कारण किल्ली विन्स्टन पीटर्स या एका नेत्याच्या हातात गेली. लोक पुन्हा चिडले. पण २०११ मध्ये पुन्हा सार्वमत घेतलं तेव्हा बहुमताने नवी पद्धतच ठेवली.

राहिला चौथा प्रकार, आणि तो आपल्या घरचाच आहे. आपल्या संविधानात राज्यसभेसाठी ‘एकल संक्रमणीय मत’ अशी तरतूद आहे. मतदाराला मत एकच, पण ते सरकू शकतं. मतपत्रिकेवर नावांपुढे १, २, ३ असे पसंतीचे आकडे लिहायचे. पदवीधर किंवा शिक्षक मतदारसंघात ज्यांनी मतदान केलंय त्यांनी हे केलेलं आहे: आयोगाने दिलेलंच पेन, आकडाच लिहायचा, बरोबरची खूण केली की मत बाद. मात्र तिथे जागा एकच असते, त्यामुळे पसंतीक्रम असूनही वाटणी प्रमाणशीर होत नाही. खरा खेळ जागा अनेक असतात तेव्हा सुरू होतो.

१० जून २०२२. राज्यसभेच्या ६ जागा, उमेदवार ७. मतदान केलं २८५ आमदारांनी. सुहास कांदे यांचं मत बाद झालं, उरली २८४. जिंकायला किती हवीत ते कोट्याने ठरतं. प्रत्येक मताचं मूल्य १०० धरतात. २८,४०० ला जागांपेक्षा एकने जास्त, म्हणजे ७ ने भागायचं आणि एक मिळवायचा: ४,०५८, म्हणजे ४०.५८ मतं. सातने का भागायचं? कारण एवढी मतं जास्तीत जास्त सहाच जणांना मिळू शकतात. सातव्याला पुरत नाहीत.

पहिल्या पसंतीची मतं अशी पडली: पीयूष गोयल ४८, अनिल बोंडे ४८, इम्रान प्रतापगढी ४४, प्रफुल्ल पटेल ४३, संजय राऊत ४१, संजय पवार ३३, धनंजय महाडिक २७. पाच जण कोटा ओलांडून गेले. सहाव्या जागेसाठी शिवसेनेचे पवार ३३ वर आणि भाजपचे महाडिक २७ वर. साध्या पद्धतीत पवार जिंकले असते. इथे मोजणी पुढे गेली. गोयल यांना ४८ मतं मिळाली, गरज ४०.५८ चीच होती. वरची सात-साडेसात मतं वाया घालवायची नाहीत. त्यांच्या ४८ मतपत्रिका पुन्हा पाहतात, दुसऱ्या पसंतीला कोण ते बघतात आणि प्रत्येक पत्रिका कमी मूल्याने, साधारण १५ शतांशांनी, पुढच्या माणसाकडे जाते. बोंडेंचंही तसंच. दोघांची मिळून चौदा-साडेचौदा मतं महाडिकांच्या खात्यात आली आणि ते ४१ च्या वर गेले. प्रतापगढी, पटेल आणि राऊत यांच्याकडची थोडीथोडी शिल्लक मिळूनही पवार चाळिशीच्या आत राहिले.

त्या रात्री टीव्हीवर फक्त चमत्काराची भाषा होती. अपक्ष कुणाकडे वळले हा राजकारणाचा भाग झाला. पण मतं पडल्यानंतरचं गणित सरळ आहे. भाजपच्या तीन उमेदवारांची पहिल्या पसंतीची मतं १२३ होती. तीन कोट्यांना लागतात १२२ पेक्षा किंचित कमी. महाविकास आघाडीची मतं १६१. चार कोट्यांना लागतात १६२ पेक्षा जास्त. २८४ मध्ये १२३ म्हणजे सहा जागांतल्या २.६. निकाल लागला ३-३. पद्धतीने आपलं काम चोख केलं.

हीच पद्धत सामान्य मतदारांना मिळाली तर काय होतं ते आयर्लंडमध्ये दिसतं. तिथे तीन ते पाच जागांचे मतदारसंघ असतात आणि मोजणी दिवस-दिवस चालते. कोटा कुणीच गाठला नाही तर सर्वांत खालचा उमेदवार बाद होतो आणि त्याची मतं दुसऱ्या पसंतीकडे सरकतात. सरकारी पक्षाने १९५९ आणि १९६८ मध्ये दोनदा सार्वमत घेऊन ही पद्धत काढायचा प्रयत्न केला. लोकांनी दोन्ही वेळा नाही म्हटलं. मालवण तालुक्यातल्या वराडशी नातं असलेले लिओ वराडकर याच पद्धतीने डब्लिन वेस्टमधून निवडून येत. २०२० मध्ये ते पंतप्रधान होते, तरी पहिल्या फेरीत कोटा गाठू शकले नाहीत; पाचव्या फेरीत आले. पण महत्त्वाचं ते नाही. डब्लिन वेस्टला तेव्हा चार जागा होत्या, आणि त्या चार वेगवेगळ्या पक्षांना गेल्या: शिन फेन, फिने गेल, फिआना फॉल आणि ग्रीन. तिथल्या बहुतेक मतदारांना आपल्या विचाराचा म्हणून हाक मारता येईल असा एक तरी माणूस संसदेत होता. पुण्यातल्या चारच्या प्रभागातही जागा चारच.

आता आक्षेप. पहिला नेहमीचा: सरकारं टिकत नाहीत. इस्रायलमध्ये एप्रिल २०१९ ते नोव्हेंबर २०२२ एवढ्यात पाच निवडणुका झाल्या. अख्खा देश एकच मतदारसंघ, जागा १२०, सव्वातीन टक्के मतं मिळाली की प्रवेश. बेल्जियमला २०१० च्या निवडणुकीनंतर सरकार बनवायला ५४१ दिवस लागले. आघाडी निवडणुकीनंतर बनत असल्याने मत देताना आपण कुठलं सरकार निवडतोय हे मतदाराला नीट कळत नाही. आणि पाच-सहा खासदारांचा पक्ष पन्नासवाल्याला नाचवतो. हा आक्षेप खरा आहे, फक्त तो एकाच पद्धतीच्या माथी मारता येत नाही. १९९६ ते १९९९ मध्ये आपण तीन लोकसभा निवडणुका पाहिल्या आणि एका मताने पडलेलं सरकारही, तेही आपल्याच पद्धतीत. २०१९ नंतरच्या महाराष्ट्राबद्दल तर बोलायलाच नको.

पक्षांचा सुळसुळाट होऊ नये म्हणून किमान मतांची अट घालतात. जर्मनीत ती ५ टक्के आहे. पण तिचीही किंमत असते. २०२५ मध्ये तिथे झारा वागेनक्नेश्ट यांच्या पक्षाला ४.९८ टक्के मतं पडली. दहा हजारांच्या आत मतं कमी पडली आणि एकही जागा नाही. मतं वाया जाऊ नयेत म्हणून आणलेल्या पद्धतीत पंचवीस लाखांच्या आसपास मतं वाया गेली.

दुसरा आक्षेप मला जास्त वजनदार वाटतो. माझा आमदार कोण? रेशनकार्डापासून बदलीपर्यंत आपला माणूस आमदाराच्या कार्यालयात जातो. यादीतून आलेल्या आमदाराला गाव नसतं. इस्रायल किंवा नेदरलँड्समध्ये हे खपतं, कारण देश छोटे आहेत. महाराष्ट्रात गडचिरोलीच्या माणसाने मुंबईतल्या यादीकडे पाहून मत द्यायचं हे पचणार नाही.

संविधान सभेत हा विषय आला होता. जानेवारी १९४९ मध्ये काझी सय्यद करीमुद्दीन यांनी लोकसभाही प्रमाणशीर पद्धतीने निवडावी अशी दुरुस्ती मांडली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी ती नाकारली. या पद्धतीला व्यापक साक्षरता लागते आणि ती आपल्याकडे नाही, हा एक मुद्दा. सभागृहाचे इतके तुकडे पडतील की स्थिर सरकार उभं राहणार नाही, हा दुसरा. पहिला मुद्दा आज तसा राहिलेला नाही. दुसऱ्यावर अजून वाद घालता येतो, आणि लोकसभेपुरतं मी बाबासाहेबांच्या बाजूने झुकतो. १९९९ मध्ये विधी आयोगाने आपल्या १७० व्या अहवालात मधली वाट सुचवली: आहेत त्या थेट जागा राहू द्या आणि २५ टक्के जागा वाढवून त्या यादी पद्धतीने भरा. त्यावर पुढे काही झालं नाही. थेट जागांवर जिंकणाऱ्यांना ते नको असतं आणि कायदा करणारे तेच असतात.

महापालिकेत मात्र यातला एकही मोठा आक्षेप टिकत नाही. पालिकेचा कारभार आयुक्त चालवतो, त्यामुळे सरकार पडायची भीती नाही. प्रभाग जवळचा, म्हणजे आपला माणूस कोण हा प्रश्न नाही. आणि बहुसदस्यीय प्रभाग तर आधीपासूनच आहेत. २०१७ मध्ये पुण्यात ४१ प्रभागांतून १६२ नगरसेवक निवडले गेले. बहुतेक प्रभाग चारचे, दोन तीनचे. दर सरकार आलं की प्रभागाचा आकार बदलतं: २०१२ ला दोनचा, २०१७ ला चारचा, महाविकास आघाडीने तीनचा ठरवला, शिंदे सरकारने पुन्हा चारचा केला. प्रत्येकाने आपल्या सोयीचा आकडा निवडला, मोजणीला कुणी हात लावला नाही. त्याच चारच्या प्रभागात मतदाराला चार बटणांऐवजी एक सरकणारं मत दिलं तर कोटा येतो मतदानाच्या पाचव्या भागाइतका. वीस टक्क्यांवर मतं मिळवणाऱ्याला एक नगरसेवक नक्की.

अडचणी आहेत, आणि त्या खऱ्या आहेत. आपल्या यंत्रावर पसंतीचे आकडे नोंदवता येत नाहीत. यंत्र बदलावं लागेल किंवा कागदावर यावं लागेल आणि निकाल दुपारच्या जेवणाआधी लागणार नाही. त्याहून अवघड आरक्षण. आज अ जागा अनुसूचित जातीसाठी, ब मागासवर्गासाठी, क महिलेसाठी असं सरळ वाटप असतं. एकत्र मोजणीत ‘चारपैकी किमान दोन महिला’ अशी अट घालावी लागेल आणि ती पूर्ण होत नसेल तर कुठल्या फेरीत कुणाला थांबवायचं हे नियमात बारकाईने लिहावं लागेल. करता येण्यासारखं आहे, पण किचकट आहे. संविधान बदलावं लागेल असं मला वाटत नाही. महापालिका राज्याच्या कायद्यावर चालतात आणि तो कायदा बदलायचं काम विधिमंडळाचं. म्हणजे ज्या आमदारांना पसंतीक्रम आणि कोटा यांचा हिशेब तोंडपाठ आहे, त्यांचंच.